बाबासाहेबांची तसबीर आणि उद्देसिक चैत्य

कर्जत आणि खालापूर या दोन तालुक्यांतील कोणत्याही गावच्या बुद्धविहारात गेले असता समोर बहुधा दोन प्रतिमा दिसतात. मध्यभागी तथागतांची मूर्ती असते आणि शेजारी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांची तसबीर असते. मेणबत्ती व अगरबत्ती दोहोंपुढे लावली जाते, पुष्पे दोहोंना वाहिली जातात. तथापि या दोन प्रतिमांची उत्पत्ती एकसारखी नाही. तथागतांची मानवी रूपातील मूर्ती महापरिनिर्वाणानंतर काही शतके लोटल्यावर घडविली गेली. ज्यांनी ती घडविली त्यांनी तथागतांना पाहिलेले नव्हते. बाबासाहेब मात्र कॅमेऱ्यासमोर प्रत्यक्ष बसले होते आणि त्यांच्या अंगावरून परावर्तित झालेला प्रकाशच काचेवर किंवा फिल्मवर उतरला होता. यामुळे मूर्ती ही कल्पना आणि तसबीर हे सत्य, अशी आपली एक सहज समजूत झालेली आहे.

या समजुतीची तपासणी करणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे. छायाचित्र राजकीय नेत्याचे रूप केवळ नोंदवीत नाही. ते रूप निवडते, रचते, पसरविते आणि अखेरीस गोठवूनही टाकते. हे कसे घडते ते आपण जाणून घेतले नाही, तर तसबीर भिंतीवर राहते आणि तसबिरीतील माणसाचा विचार घराबाहेर पडतो. आमच्या मते हा प्रश्न कलेपुरता नाही, आचरणाचाही आहे.

कोंडाणे येथील नाहीसा झालेला चेहरा

आरंभ आपल्याच परिसरातून करू. कर्जतपासून काही कोसांवर, राजमाचीच्या पायथ्याशी, उल्हास नदीच्या खोऱ्यात कोंडाणे लेणी आहेत. इसवी सनापूर्वीच्या काळातील हे चैत्यगृह व विहार लाकडी बांधकामाचे अनुकरण करून कातळात कोरलेले आहेत. चैत्यगृहात बुद्धमूर्ती नाही, स्तूप आहे. त्या काळी तथागतांचे स्मरण स्तूप, बोधिवृक्ष, धम्मचक्र, पदचिन्हे यांच्याद्वारे केले जात असे. उपासकाला समोर चेहरा लागत नव्हता.

याच चैत्यगृहाच्या दर्शनी भागी, डाव्या बाजूस, एका भव्य मानवी आकृतीच्या मस्तकाचा अवशेष आहे. चेहऱ्याची ठेवण आता ओळखू येत नाही. शिरोभूषणाचे नाजूक काम मात्र अजून दिसते. त्या आकृतीच्या खांद्याजवळ ब्राह्मी लिपीतील एका ओळीचा लेख आहे. कण्हाचा अंतेवासी बलक याने हे घडविले, असा त्याचा आशय आहे. चेहरा गेला, पण चेहरा घडविणाऱ्याचे आणि त्याच्या गुरूचे नाव सुमारे दोन हजार वर्षे टिकून राहिले.

आपल्या घरातील तसबिरीची गोष्ट नेमकी याच्या उलट आहे. तेथे चेहरा स्पष्ट आहे, परंतु तो कोणी टिपला, कोठे टिपला, कोणत्या वर्षी टिपला, यांपैकी काहीही त्या कागदावर लिहिलेले नसते. बलकाने आपले नाव कोरल्यामुळे ती आकृती ‘घडविलेली’ आहे हे आपण विसरू शकत नाही. छायाचित्रकाराचे नाव पुसले गेल्यामुळे छायाचित्र आपोआप अवतरले असे आपणास वाटू लागते. प्रतिमेच्या सामर्थ्याचे पहिले रहस्य येथे आहे. घडविणारा अदृश्य झाला की घडण सत्य भासू लागते.

त्रिविध चैत्ये

पालि साहित्यात या प्रश्नाकडे पाहण्याची एक जुनी दृष्टी उपलब्ध आहे. जातकांतील कालिंगबोधि जातकाच्या प्रास्ताविक कथेत पुढील प्रसंग येतो. तथागत चारिकेस गेलेले असत तेव्हा श्रावस्तीचे लोक फुले व माळा घेऊन जेतवनात येत. वाहण्यास काही स्थान नसल्याने ती गंधकुटीच्या दाराशी ठेवून परत जात. अनाथपिंडिकाने ही अडचण आनंद स्थविरांस सांगितली आणि आनंदांनी ती तथागतांपुढे मांडली. तेव्हा चैत्ये किती प्रकारची, याचा उलगडा झाला. सारीरिक म्हणजे शरीरधातूंचे, पारिभोगिक म्हणजे वापरलेल्या वस्तूंचे आणि उद्देसिक म्हणजे उद्देशून केलेल्या चिन्हाचे, अशी ती तीन चैत्ये होत. शरीरधातूंचे चैत्य परिनिर्वाणानंतरच शक्य असते. उद्देसिक चैत्याला मात्र वस्तूचा आधार नसतो, ते केवळ मनाच्या भावनेवर उभे असते, असा त्या ठिकाणी अभिप्राय आहे. अखेर बोधिवृक्षाचे रोप जेतवनात लावण्यात आले.

या कथेतील मूळ अडचण पूज्य व्यक्तीच्या अनुपस्थितीची आहे. लोक आले आहेत आणि ज्यांच्यासाठी आले ते समोर नाहीत. आधुनिक राजकारणातही नेता एक असतो आणि अनुयायी लाखो असतात. नेता बहुतेक ठिकाणी अनुपस्थितच असतो. ही पोकळी भरून काढण्याचे काम एकोणिसाव्या शतकापासून छायाचित्र करीत आले आहे.

बाबासाहेबांच्या स्मारकांना हे वर्गीकरण लावून पाहता येते. दादरच्या चैत्यभूमीचा स्तूप सारीरिक वर्गात येतो. नागपूरजवळील चिचोलीच्या शांतिवनात जतन केलेले त्यांचे कपडे व टंकलेखन यंत्र, तसेच दादरचे राजगृह, ही पारिभोगिक होत. छायाचित्र मात्र कोणत्या वर्गात घालावे? बाबासाहेबांना स्पर्शून आलेल्या प्रकाशानेच ते उमटले, म्हणून मूळ काचपट्टीत किंचित पारिभोगिकाचा अंश आहे असे कोणी म्हणू शकेल. परंतु त्या मूळ प्रतीवरून ठसा, ठशावरून छापील चित्र, छापील चित्रावरून रंगविलेले कॅलेंडर आणि कॅलेंडरवरून फ्लेक्स, असा प्रवास होत होत आपल्यापर्यंत येते ते उद्देसिकच असते. त्याचा आधार आपल्या मनाच्या भावनेत आहे. जे मनावर उभे आहे ते मन सावध असेपर्यंतच शुद्ध राहते.

कॅमेरा रूप कसे घडवितो

छायाचित्रणाचा शोध १८३९ साली जगापुढे जाहीर झाला आणि अवघ्या पंधरा वर्षांत, १८५४ साली, मुंबईत फोटोग्राफिक सोसायटी स्थापन झाली. डॉ. भाऊ दाजी लाड यांचे बंधू डॉ. नारायण दाजी हे तिच्या आरंभीच्या हिंदी सभासदांपैकी होते. त्या काळच्या काचेच्या ओल्या पट्टीवर चित्र उमटण्यास कित्येक सेकंद लागत. तितका वेळ माणसाने हलता कामा नये म्हणून मानेमागे लोखंडी आधार लावीत. जुन्या तसबिरींतील ताठ मान व गंभीर मुद्रा ही सर्वस्वी स्वभावाची खूण नव्हे. काही अंशी ती यंत्राची सक्ती होती. पुढे जलद पट्ट्या व फिल्म आल्या तरी स्टुडिओतील बैठकीचा शिरस्ता तसाच राहिला. नेता गंभीर दिसला पाहिजे, ही अपेक्षा अशा रीतीने यंत्राकडून समाजाकडे आली.

कॅमेऱ्याच्या उंचीचाही परिणाम होतो. १९२९ पासून प्रचारात आलेला रॉलिफ्लेक्स हा दोन भिंगांचा कॅमेरा कमरेजवळ धरून, वरून त्याच्या काचेत पाहून वापरावयाचा असे. त्यामुळे उभ्या माणसाचे चित्र किंचित खालून घेतले जाई आणि माणूस उंच व भारदस्त दिसे. पुढची पायरी म्हणजे नकारप्रतीवर टोकदार पेन्सिलीने केलेली दुरुस्ती. सुरकुत्या पुसणे, डोळ्यांखालची काळी वर्तुळे उजळणे, हे स्टुडिओतील रोजचे काम होते. त्यानंतर वर्तमानपत्रातील निवड येते. दहा चित्रांतून एक छापले जाते, त्याच्या कडा कापल्या जातात आणि खाली एक ओळ लिहिली जाते. तीच ओळ वाचकाला काय पाहावे ते सांगते.

म्हणजे एका छायाचित्रामागे किमान चार निर्णय असतात. कोणता क्षण घ्यावा, कोठून घ्यावा, चौकटीत कोणाला ठेवावे आणि खाली काय लिहावे. हे चारही निर्णय माणसांचे आहेत. प्रकाश खोटे बोलत नाही हे खरे; परंतु प्रकाशाला कोठे उभे करावयाचे ते माणूस ठरवितो.

कोट, चष्मा आणि ग्रंथ

या पार्श्वभूमीवर बाबासाहेबांच्या छायाचित्रांकडे पाहावे. विसाव्या शतकात आपल्या देशात नेत्याच्या वेशाला मोठा अर्थ आला होता. महात्मा गांधींनी सप्टेंबर १९२१ मध्ये मदुराई येथे पंचा स्वीकारला आणि पुढे चरख्यासह त्यांची प्रतिमा जगभर पोहोचली. मार्गारेट बर्क-व्हाइट यांनी १९४६ साली अमेरिकेतील ‘लाइफ’ या साप्ताहिकासाठी घेतलेले त्यांचे चरख्याजवळचे चित्र याची साक्ष देते. जो वर्ग वस्त्रे बाळगून होता त्याच्या नेत्याने वस्त्रत्याग केला, त्यात त्यागाचा संदेश होता. परंतु ज्या समाजाला चांगले वस्त्र नेसण्याचीच मनाई होती त्याच्या नेत्याने वस्त्र टाकले असते तर त्यात नवीन काय दिसले असते? बाबासाहेबांचा कोट, टाय व बूट यांचा अर्थ येथे कळतो.

हा अर्थ त्यांना स्वतःला पूर्ण ठाऊक होता, याचे प्रमाण आपल्याच जिल्ह्यात आहे. तेव्हाच्या कुलाबा व आजच्या रायगड जिल्ह्यातील महाड येथे डिसेंबर १९२७ मध्ये त्यांनी स्त्रियांपुढे भाषण केले. जातीची खूण सांगणारी लुगडे नेसण्याची पद्धत आणि तसले दागिने सोडून द्यावेत, असा उपदेश त्यात होता. पाहणाऱ्याच्या नजरेत जात कशी उमटते हे त्यांनी ओळखले होते, आणि ती नजर बदलण्याचे एक साधन म्हणून त्यांनी वेशाकडे पाहिले.

दुसऱ्या गोलमेज परिषदेची १९३१ सालची लंडनमधील छायाचित्रे या दृष्टीने अभ्यासण्यासारखी आहेत. एकाच बैठकीत संस्थानिक आहेत, ब्रिटिश मुत्सद्दी आहेत, शालीतील गांधीजी आहेत आणि युरोपीय वेशातील बाबासाहेब आहेत. शाळेत वेगळे बसविलेला मुलगा साम्राज्याच्या मेजाशी इतरांच्या बरोबरीने बसला आहे, हे सांगण्यास त्या चित्राखाली ओळीची गरज पडत नाही. राजगृहातील फेब्रुवारी १९३४ चे कौटुंबिक छायाचित्रही प्रसिद्ध आहे. त्यात यशवंत, माता रमाई, वहिनी लक्ष्मीबाई, पुतण्या मुकुंद आणि बाबासाहेबांचा आवडता कुत्राही आहे. पुढच्याच वर्षी, २७ मे १९३५ रोजी, रमाईंचे निधन झाले. ज्यांच्या पूर्वजांची नोंद खतावणीत केवळ गावकामगार म्हणून होत असे, त्यांचे एक कुटुंब नावानिशी चौकटीत उभे राहिले, हे या चित्राचे मोल आहे.

अशाच प्रकारचा प्रयत्न अमेरिकेत एका शतकापूर्वी झाला होता. गुलामगिरीतून निसटलेले फ्रेडरिक डग्लस (१८१८–१८९५) यांनी आपली सुमारे १६० छायाचित्रे काढवून घेतली. एकोणिसाव्या शतकातील अमेरिकेत सर्वाधिक छायाचित्रे त्यांचीच निघाली असे अभ्यासक मानतात. कृष्णवर्णीयांची व्यंगचित्रे सर्वत्र छापली जात असताना त्यांनी नीटनेटका वेश व करारी मुद्रा कटाक्षाने ठेवली, कॅमेऱ्यासमोर हसण्याचे टाळले आणि चित्रांच्या सामर्थ्यावर व्याख्यानेही दिली. बाबासाहेबांनाही त्या काळच्या वृत्तपत्रांतील व्यंगचित्रांचा मारा सोसावा लागला. १९३२ ते १९५६ या काळातील अशा व्यंगचित्रांचा उन्नमती श्याम सुंदर यांनी संपादिलेला संग्रह २०१९ साली प्रसिद्ध झाला आहे. पाठ्यपुस्तकातील शंकर यांच्या १९४९ च्या व्यंगचित्रावरून २०१२ साली संसदेत झालेला वाद अनेकांच्या स्मरणात असेल. ज्यांचे रूप इतरांनी विद्रूप करून छापले त्यांच्यासाठी स्वतःचे छायाचित्र हे एक उत्तर असते. या अर्थाने बाबासाहेबांच्या तसबिरीने मुक्तीचे कार्य केले आहे. मातीच्या भिंतीवर लावलेल्या त्या एका चित्राने घरातील मुलाला शाळेचा रस्ता दाखविला, हे आपण आपल्या पिढ्यांत पाहिले आहे.

छायाचित्राकडून लक्षणांकडे

दीघनिकायातील लक्खणसुत्तात महापुरुषाची बत्तीस लक्षणे सांगितली आहेत. पुढे मूर्तिकारांनी यांपैकी काही लक्षणे उचलली आणि उष्णीष, ऊर्णा यांवरून मूर्ती ओळखू येऊ लागली. बाबासाहेबांच्या छायाचित्रांचेही असेच झाले. निरनिराळ्या वयांतील, प्रसंगांतील व वेशांतील शेकडो चित्रांतून काही खुणा निवडल्या गेल्या. चष्मा, कोट, खिशातील लेखणी, हातातील ग्रंथ आणि उंचावलेले बोट, एवढ्यांवर रूप निश्चित झाले. खेड्यातील मूर्तिकाराच्या हातून चेहरा साधला नाही तरी या खुणांवरून पुतळा कोणाचा हे सांगता येते.

यांतील निळ्या रंगाचे उदाहरण बोलके आहे. आपल्या तसबिरीमागची मूळ छायाचित्रे बहुतांशी कृष्णधवल आहेत. त्यांत कोटाचा रंग दिसत नाही. निळा रंग छायाचित्राने दिलेला नसून चित्रकाराने आणि चळवळीने दिलेला आहे. १९४२ साली स्थापन झालेल्या शेड्यूल्ड कास्ट्स फेडरेशनचा ध्वज निळा होता. ध्वजाचा रंग कोटावर आला आणि कोटावरून पुन्हा चौकाचौकांत गेला. त्यात काही गैर झाले असे आम्ही म्हणत नाही. परंतु ज्याला आपण जसेच्या तसे चित्र समजतो, त्यात नंतरच्या लोकांची केवढी भर असते, हे यावरून दिसते.

या प्रसाराला छापखान्याची जोड मिळाली. पुण्याचा चित्रशाळा छापखाना १८७८ साली निघाला. राजा रविवर्मा यांचा शिळाप्रेस १८९९ च्या सुमारास मुंबईहून मळवली येथे गेला. कर्जतहून घाट चढून जाणाऱ्या गाडीने लोणावळ्याच्या पुढचे स्टेशन मळवली. एका अंगाला कार्ले, दुसऱ्या अंगाला भाजे, अशा प्राचीन चैत्यगृहांच्या सान्निध्यात हजारो घरांत जाणारी देवादिकांची रंगीत चित्रे छापली जाऊ लागली. भिंतीवर चौकटीत चित्र लावून त्याला हार घालण्याची सवय महाराष्ट्राच्या घरांना या चित्रांनी लावली. नेत्यांच्या तसबिरी पुढे त्याच खिळ्यांवर आल्या. त्याच लोहमार्गावर आणखी पुढे देहूरोड लागते. तेथे २५ डिसेंबर १९५४ रोजी बाबासाहेबांनी ब्रह्मदेशातून आणलेल्या बुद्धमूर्तीची प्रतिष्ठापना केली. स्तूप, छापील चित्र आणि नवी बुद्धमूर्ती, अशी प्रतिमेच्या इतिहासाची तीन पर्वे एका रेल्वेमार्गावर पाहावयास मिळतात.

पुतळ्यांनी हे रूप पक्के केले. कोल्हापूरच्या बिंदू चौकात भाई माधवराव बागल यांच्या पुढाकाराने १९५० साली, बाबासाहेब हयात असतानाच, त्यांचा पुतळा महात्मा फुले यांच्या पुतळ्यासह उभा राहिला. संसद भवनाच्या आवारातील शिल्पकार ब्रह्मेश वाघ यांनी केलेल्या पुतळ्याचे अनावरण राष्ट्रपती डॉ. राधाकृष्णन यांच्या हस्ते २ एप्रिल १९६७ रोजी झाले. एका हातात ग्रंथ आणि दुसऱ्या हाताचे बोट पुढे, अशी त्याची ठेवण आहे. तो पुतळा २०२४ साली त्याच परिसरातील प्रेरणास्थळी हलविण्यात आला. ही ठेवण गावोगावच्या पुतळ्यांचा जणू नमुना ठरली. १४ ऑक्टोबर १९५६ च्या नागपूर येथील छायाचित्रांतील बाबासाहेब मात्र निराळे आहेत. शुभ्र वस्त्रांतले, आजाराने थकलेले, आधार घेऊन उभे राहिलेले. तो वृद्ध उपासक चौकात क्वचितच दिसतो. चौकाला योद्धा व कायदेपंडित हवा असतो. विहाराने तरी त्या थकलेल्या चेहऱ्याला जागा द्यावी, असे आम्हास वाटते.

चौकटीबाहेर काय राहते

छायाचित्राचा दुसरा परिणाम असा की, ते नेत्याला एकटे करते. २० मार्च १९२७ चा चवदार तळ्याचा प्रसंग घ्या. ओंजळीने पाणी पिणारे बाबासाहेब आपण चित्रांत व शिल्पांत सर्वत्र पाहतो. ती चित्रे कलावंतांच्या कल्पनेतून आली आहेत आणि त्यांत बहुधा बाबासाहेब एकटे किंवा अग्रभागी असतात. प्रत्यक्षात तेथे हजारोंचा समुदाय होता. परिषद भरविण्यासाठी रामचंद्र बाबाजी मोरे यांनी धडपड केली होती. अनंतराव चित्रे, सुरबानाना टिपणीस, गंगाधर नीलकंठ सहस्रबुद्धे यांचे साह्य होते. १९२३ सालचा सी. के. बोले यांचा ठराव त्यामागे होता. चौकट जितकी लहान तितका इतिहास लहान होतो.

कर्जत तालुक्यालाच लाभलेले दुसरे नेते म्हणजे माथेरानचे विठ्ठल लक्ष्मण तथा भाई कोतवाल. नाभिक कुटुंबातील हे वकील शेतकऱ्यांसाठी धान्यकोठीची चळवळ उभारतात, १९४२ च्या लढ्यात आझाद दस्ता काढतात आणि २ जानेवारी १९४३ रोजी सिद्धगड येथे हिराजी पाटील यांच्यासह हुतात्मा होतात. भूमिगत माणसाच्या दृष्टीने छायाचित्र म्हणजे पोलिसांच्या हातातील पुरावा. त्यांचे स्मरण या परिसराने कॅमेऱ्याच्या भरवशावर ठेवलेले नाही. गावोगावच्या सांगण्यातून आणि सिद्धगडच्या स्मारकातून ते चालत आले. चित्र थोडे असूनही नेता लोकांत राहू शकतो, हे त्यावरून दिसते.

आता आजचे उदाहरण. १९ जुलै २०२३ च्या रात्री खालापूर तालुक्यातील इर्शाळगडाच्या कुशीतील इर्शाळवाडी या ठाकूर आदिवासींच्या वस्तीवर दरड कोसळली. वर वाहन जाण्यास रस्ता नव्हता. दुसऱ्या दिवशी तत्कालीन मुख्यमंत्री एकनाथ शिंदे पावसात चढण चढून वर गेले आणि त्यांची छायाचित्रे सर्वत्र प्रसिद्ध झाली. ते चढून गेले हे खरे आहे आणि चित्रही खरे आहे. पण २३ जुलैला शोधकार्य थांबले तेव्हा २७ मृतदेह हाती आले होते आणि ५७ माणसे ढिगाऱ्याखालीच राहिली होती. त्या ५७ जणांचे छायाचित्र कोणत्या वृत्तपत्रात आले? डोंगराच्या धारेवरील वस्तीला आधी सुरक्षित जागा का मिळाली नाही, हा प्रश्न कोणत्या चित्रात मावतो? कोणत्याही पक्षाच्या नेत्याचे चित्र पाहताना ही विचारपूस केली पाहिजे. चित्रात नेता आला याचा पुरावा मिळतो. नेत्याने काय केले याचा पुरावा पुढील वर्षे देतात.

जयंतीच्या दिवसांतील फ्लेक्सही याच कसोटीवर पाहावेत. वर कोपऱ्यात बाबासाहेब लहान आणि खाली शुभेच्छुकांचे चेहरे मोठे, असे फलक कर्जतच्या चारफाट्यावर आणि खोपोलीच्या रस्त्यावर सर्वांनी पाहिले आहेत. उद्देसिक चैत्य मनाच्या भावनेवर उभे असते, असे वर म्हटले. येथे भावना बाबासाहेबांची असते आणि ती वळविली जाते शेजारच्या चेहऱ्याकडे. शेजारी चित्र छापल्याने कोणी वारस होत नाही.

पाहणाऱ्याचे कर्तव्य

संयुत्तनिकायात वक्कली भिक्षूची कथा आहे. राजगृहात एका कुंभाराच्या घरी तो आजारी पडला होता. तथागतांचे दर्शन घ्यावयास आपण जाऊ शकलो नाही, एवढीच त्याची खंत होती. तथागत स्वतः त्याच्याकडे आले आणि त्यांनी सांगितले की, या नाशवंत देहाला पाहून काय लाभ. जो धम्म पाहतो तोच मला पाहतो. हा बोध ऐकून वक्कलीने डोळे मिटावेत असा अर्थ नाही. डोळ्यांनी पाहिल्यावर तेथेच थांबू नये, एवढा अर्थ आहे. महाराष्ट्र शासनाने १९७९ पासून बाबासाहेबांच्या लेखनाचे व भाषणांचे खंड प्रसिद्ध केले आहेत. तसबिरीतील ग्रंथ उघडता येत नाही, कपाटातील उघडता येतो. ज्या घरी तसबीर आहे त्या घरी यांपैकी एक तरी खंड असावा आणि तो वाचलेला असावा.

दुसरे कर्तव्य आमच्या स्वतःच्या चुकीतून आम्हास कळले. काही वर्षांपूर्वी खालापूर तालुक्यातील एका गावी धम्मप्रवचनासाठी गेलो असता एका घरात जुने छायाचित्र पाहिले. गावच्या धम्मदीक्षेच्या वेळचे, पांढऱ्या वस्त्रांतील स्त्रीपुरुषांचे ते चित्र होते. ओलीने एक कोपरा खाल्लेला होता. घरातील आजींनी बोट ठेवून सांगावयास सुरुवात केली.

“सर, ही माझी जाऊ. हा धाकटा दीर, तेव्हा सातवीत होता. आणि ही मागं उभी ती मी.”

“आजी, बाकीचे कोण?” आम्ही विचारले.

“सांगते की. पण बसा आधी, चहा होतोय.”

आम्हास पुढच्या गावी जाण्याची घाई होती. वही घेऊन पुन्हा येतो, असे सांगून आम्ही उठलो. पुन्हा जाणे झाले ते पुढच्या पावसाळ्यानंतर. आजी तोवर गेल्या होत्या. त्या चित्रात एकोणीस माणसे आहेत. तिघांची ओळख आम्हास सांगता येते. सोळा चेहरे आहेत, नावे नाहीत.

बाबासाहेबांच्या अंत्ययात्रेचे चित्रीकरण नामदेवराव व्हटकर यांनी केले म्हणून डिसेंबर १९५६ मधील तो जनसागर आज पाहता येतो. त्या जनसागरातील माणसे आपल्याच गावांतून गेली होती. नेत्याच्या एका चेहऱ्यामागे हे असंख्य चेहरे आहेत आणि त्यांची चित्रे आपल्या घरांतल्या पेट्यांत, फडताळांत, विहारांच्या भिंतींवर कोकणच्या पावसात भिजत आहेत. ओळखणारी पिढी आता ऐंशीच्या पुढे आहे.

म्हणून वाचकांना आमची विनंती आहे की, या वर्षावासात प्रत्येक विहाराने एक वही करावी. गावातील जुनी छायाचित्रे एकत्र आणावीत, त्यांची प्रत काढून घ्यावी व मूळ प्रत घरी परत द्यावी. चित्राच्या पाठीमागे मऊ पेन्सिलीने, हलक्या हाताने, डावीकडून उजवीकडे नावे लिहावीत. स्त्रियांची नावे अमक्याची पत्नी अशी न लिहिता त्यांच्या स्वतःच्या नावाने लिहावीत. स्थळ, वर्ष व प्रसंग लिहावा. चित्र कोणी काढले ते ठाऊक असल्यास तेही लिहावे. कण्हाच्या अंतेवासी बलकाने कोंडाणे येथे हे काम छिन्नीने केले होते, आपणास पेन्सिल पुरेशी आहे. आणि आजी चहा ठेवीत असतील, तर बसावे.